पोकुआ आणि डावीकडचा पिवळा दिवा

पोकुआला मास्टर व्हायचं होतं आणि त्यासाठी तिच्या हातात एकच शुक्रवार उरला होता. हे मी आधीच सांगून टाकतो. गोष्ट रंगवत बसायचा धीर माझ्यात नाही. त्या दिवसाचं नाव काढलं की आजही मला एका जागी बसवत नाही.

मी याव फोफिए. कुमासीच्या मॅगझिनमध्ये, म्हणजे अख्ख्या शहराच्या गाड्या जिथं उघडतात आणि जोडतात त्या गल्ल्यांमध्ये, माझं गाडीच्या दिव्यांचं दुकान आहे. समोर मास्टर अमोतेंग यांची शेड. गाडीच्या वायरिंगमध्ये त्यांचा हात धरणारा माणूस अजून मी पाहिलेला नाही. आणि त्या शेडच्या तोंडाशी, गटारावरच्या फळीवर बसून पोकुआ सोळा वर्षं कोको विकायची. आंबवलेल्या बाजरीची, आलं-मिरी घातलेली ही पेज पोटात गेल्याशिवाय आमच्या गल्लीत कुणी पान्याला हात लावत नाही.

एके दिवशी सकाळी शेडमध्ये एक टॅक्सी उभी होती. दोन फिटर तिच्या बॅटरीवरून हमरीतुमरीवर आले होते. पोकुआ पेज ढवळता ढवळता म्हणाली, "मास्टर, बॅटरी चांगली आहे. अर्थिंग सुटलंय."

मास्टरांनी वळून पाहिलं. "तुला कुणी सांगितलं?"

"हॉर्न दाबला की दिवे मंद होतायत. मागं त्या मिनीबसवाल्याला तुम्हीच तर सांगितलं होतं, असं झालं की आधी अर्थिंग बघ म्हणून."

बघितलं, तर सुटलेलंच. त्याच दुपारी तिनं भांडी धुऊन ठेवली, ओले हात पुसले आणि मास्टरांसमोर उभी राहून म्हणाली, मला शिकवा. तेव्हा ती एकोणचाळीस वर्षांची होती. गल्ली आठवडाभर हसली. खोटं कशाला बोलू, सगळ्यांत जास्त मीच हसलो. मास्टर मात्र हसले नाहीत. ते एवढंच म्हणाले, "पेजेचं भांडं आठच्या आत आवरायचं. आठनंतर तू माझी."

पाच वर्षं तिनं आठचा नेम मोडला नाही. एका शाळेच्या वहीत ती गाड्यांच्या वायरिंगची चित्रं काढायची, कुठली वायर कुठून कुठं जाते ते रंगीत पेन्सिलींनी. तिची एक खोड होती. गाडी आली की ती आधी हात लावायची नाही, गाडीवाल्याला प्रश्न विचारायची. कधी होतं, थंड असताना होतं की तापल्यावर, पाऊस पडल्यावर होतं का, उताराला होतं का. लोक वैतागायचे. मीही वैतागायचो. "आंटी, तू गाडी दुरुस्त करतेस की पोलिसात आहेस?" असं एकदा मी विचारलं, तर म्हणाली, "पोलिसांना उत्तर आधीच ठरवायचं असतं, याव. मला नसतं."

आमच्याकडे शिकणाऱ्याला त्याचा मास्टर स्वतःच्या हातानं मोकळं करतो. संघटनेच्या मोठ्यांसमोर शेवटचं एक काम करून दाखवायचं, ते जमलं की अध्यक्ष कागदावर सही करतो, मास्टर तुमच्या डोक्यावर पांढरी पावडर घालतो, गल्ली ओरडते, आणि दुसऱ्या दिवसापासून तुम्ही स्वतःच्या नावाची पाटी लावू शकता. पण हे सगळं तुमच्याच मास्टरच्या हातून व्हावं लागतं. मास्टर गेला, तर तुमची वर्षंही त्याच्याबरोबर गेली. दुसऱ्याकडे पुन्हा पहिल्यापासून.

आणि मास्टर अमोतेंग निघाले होते. मोतीबिंदूनं त्यांचे डोळे इतके धुरकटले होते की वायरचे रंग ते पोकुआला विचारून घ्यायचे. मुलगी गावाहून आली होती, शनिवारच्या गाडीनं त्यांना घेऊन जायला. पोकुआ चव्वेचाळीस वर्षांची. पुन्हा पहिल्यापासून म्हणजे संपलंच की.

आता गाडीबद्दल. गाडी नाना बिरागोंची. आमच्याकडे मानाच्या माणसाला नाना म्हणतात, मग ती बाई असो की पुरुष. नाना बिरागो म्हणजे मोठ्या बाजारातल्या टोमॅटोवाल्यांच्या राणी. त्यांच्या परवानगीशिवाय बाजारात टोमॅटोची एक पेटी उतरत नाही. मुलानं हॅम्बुर्गहून गाडी पाठवली होती, निळी, जुनी पण झकपक. हरमाटानचे दिवस, वाळवंटातली धूळ हवेत अशी भरलेली की सकाळी नऊ वाजता समोरचा ट्रक दिसेना. नाना माझ्या दुकानात आल्या आणि म्हणाल्या, "फोफिए, मला असे दिवे दे की धुळीलाच दिसलं पाहिजे मी येतेय ते."

मी एलईडी दिवे दिले. पांढरेशुभ्र. बसवूनही मीच दिले. तासाभरात नाना परत आल्या. डॅशबोर्डवर पिवळा दिवा, बल्बच्या आकाराचा, खाली जर्मनमध्ये काहीतरी रागावलेलं.

यात नवल काही नव्हतं. या गाड्यांमधला कॉम्प्युटर दिव्याकडे बघत नाही, दिवा किती करंट ओढतो ते बघतो. जुना बल्ब खादाड, एलईडी चिमणीएवढं खाणारा. करंट कमी गेला की कॉम्प्युटर समजतो, बल्ब उडाला. आणि मग बोंब मारतो. बाहेर दिवा लखलखतोय आणि आत गाडी सांगतेय की दिवा मेला.

यावरचे उपाय बोआडूला पाठ. बोआडू म्हणजे वायरमनांच्या संघटनेचा अध्यक्ष, आमच्याच गल्लीच्या कोपऱ्यावर त्याची शेड, लॅपटॉप असलेला मॅगझिनमधला पहिला वायरमन, आणि ही गोष्ट तो तुम्हाला विसरू देत नाही. त्यानं प्रत्येक दिव्याच्या वायरला एकेक रेझिस्टर जोडला. म्हणजे दिवा खाईल तेवढं खाईल, उरलेलं रेझिस्टर खाईल, आणि कॉम्प्युटरला वाटेल बल्ब जेवतोय. पिवळा दिवा विझला. नानांनी आनंदानं पर्समधून पावडरचा डबा काढला आणि बोआडूच्या मानेवर, बाह्यांवर आणि उघड्या बॉनेटमध्ये मनसोक्त उधळली. वर बाटलीतलं लॅव्हेंडर अत्तराचं पाणी शिंपडलं. चांगलं काम झालं की त्या हे करतातच. बाजारात टोमॅटोचा ट्रक वेळेवर पोचला तरी ड्रायव्हर पांढरा होऊन घरी जातो.

पाच दिवसांनी पिवळा दिवा परत. या वेळी फक्त डावीकडचा.

बोआडूनं दिव्यामागं आणखी एक डबी जोडली, करंटच्या झटक्यांना शांत करणारी. विझला. पावडर, अत्तराचं पाणी. चार दिवसांनी परत. मग बोट माझ्याकडे वळलं, की तुझा मालच भिकार. मी तरातरा जाऊन डावा दिवा नवाकोरा बदलून दिला. विझला. पावडर माझ्याही डोक्यात पडली. तीन दिवसांनी परत. मग बोआडू लॅपटॉप घेऊन दोन तास गाडीत बसला, गाडीला ही चौकशी बंदच करायला सांगू म्हणून. गाडीनं ऐकलं नाही. शेवटी त्यानं खिशातून काळी टेप काढली आणि पिवळ्या दिव्यावर चिकटवायला गेला.

नानांचा आवाज गल्लीच्या दोन्ही टोकांना ऐकू गेला. "बोआडू, गाडी मला काहीतरी सांगतेय आणि तू तिच्या तोंडावर पट्टी लावतोस? माझ्या तोंडावर लावून बघ बरं."

पोकुआ तेव्हा समोर उभी होती. ती सहज म्हणून बोलली, "नाना, कदाचित गाडी खरं बोलत असेल."

बोआडू आधीच तापलेला. "बरं झालं, पेजवालीला कळलं. मास्टर अमोतेंग तिला मोकळं करायचं म्हणतायत ना? हीच गाडी. शुक्रवारी. सगळ्यांसमोर. पिवळा दिवा घालवायचा, आणि ओफिन्सो गावापर्यंत जाऊन येईतो तो लागता कामा नये. लागला, तर माझी सही विसरा."

मला वाटलं ती नाही म्हणेल. तिच्या जागी मी असतो तर एखादी बिघडलेली टॅक्सी मागून घेतली असती. ती फक्त म्हणाली, "चालेल."

शुक्रवारी सकाळी तिनं पेज आठच्या आधीच संपवली. नऊला गल्ली भरली. मास्टरांना खुर्चीवर बसवलं होतं, बोआडू हाताची घडी घालून, नाना त्यांच्या निळ्या गाडीला टेकून. पोकुआनं निळा ओव्हरऑल इस्त्री केला होता. मी तिच्या अगदी जवळ उभा होतो.

तिनं बॉनेट उघडलंच नाही. गाडीत बसली, इंजिन चालू केलं, दिवे लावले आणि मला म्हणाली, "याव, घड्याळ बघ."

"आणि काय करू?"

"काही नाही. बघ."

आम्ही उभे. पाच मिनिटं. सात मिनिटं. बोआडू म्हणाला, "गाडी दुरुस्त करताय की प्रार्थना?" कुणीतरी हसलं. अकराव्या मिनिटाला पिवळा दिवा लागला. डावीकडचा.

"बघा," बोआडू म्हणाला.

"बघितलं," पोकुआ म्हणाली, आणि सगळं बंद करून खाली उतरली. पदपथावर बसली. अर्धा तास नुसती बसली. लोक कुजबुजायला लागले. मी तिच्या शेजारी जाऊन हळूच म्हणालो, "आंटी, काहीतरी कर. निदान पाना हातात घे."

"थंड होऊ दे."

"तू थंड होतेस की गाडी?"

"दोघी," ती म्हणाली.

मग पुन्हा इंजिन, पुन्हा दिवे, पुन्हा माझं घड्याळ. पुन्हा अकरा मिनिटं. या वेळी पिवळा दिवा लागला तशी ती हसली. खरंच हसली. मास्टर खुर्चीतून म्हणाले, "किती?"

"दोन्ही वेळा अकरा, मास्टर."

"म्हणजे?"

"म्हणजे वायर तुटलेली नाही. तुटकी वायर घड्याळ बघत नाही. काहीतरी तापतंय."

"मग हात लाव," मास्टर म्हणाले.

आता बॉनेट वर गेलं. मी मान घातली, बोआडूनं घातली, नानांनी घातली. पोकुआनं आधी रेझिस्टर पाहिले, करंट मोजला. बरोबर. बोआडूची डबी पाहिली. बरोबर. मग दिवे चालू असतानाच तिनं उजव्या दिव्यामागं तळहात धरला, डोळे मिटले. मग डाव्या दिव्यामागं. मग पुन्हा उजव्या.

"याव, इकडं हात धर. काय लागतं?"

मी उजवीकडं धरला. "वारा."

"आता इकडं."

डावीकडं धरला. काही नाही. नुसती धग.

या दिव्यांच्या मागं नखाएवढा एक पंखा असतो. एलईडी उजेडानं नाही, स्वतःच्या तापानं मरतो, म्हणून त्याला सतत वारा घालावा लागतो. पंखा थांबला की दिवा स्वतःला वाचवायला करंट कमी करतो. आणि करंट कमी झाला की कॉम्प्युटर बोंब मारतो. म्हणजे गाडी पहिल्या दिवशी खोटं बोलली होती, पण त्यानंतर प्रत्येक वेळी खरं सांगत होती. हे माझ्या डोक्यात उतरायला जरा वेळ लागला, पण उतरलं तसे माझ्या अंगावर काटा आला.

पोकुआनं डावा दिवा काढला. पंख्याच्या पात्यांवरून बोट फिरवलं. बोटावर पांढरा लगदा आला, सुकलेल्या पिठासारखा. तिनं तो नाकाशी नेला. आणि मग तिनं वर पाहिलंच नाही. दिव्याकडे बघत राहिली.

मीही वास घेतला. लॅव्हेंडर.

सगळ्यांना वास ओळखीचा होता, पंधरा दिवस तोच वास आमच्या मानांवरून येत होता. आता पोकुआची अडचण समजून घ्या. पावडर म्हणजे आशीर्वाद. राणीनं दिलेला. भर गल्लीत, संघटनेसमोर, राणीला सांगायचं की तुमच्या आशीर्वादानं गाडी बिघडली? अशा बाईला दुखवून मॅगझिनमध्ये पाटी लावायची? धूळ म्हण, मी मनात म्हणत होतो. हरमाटानची धूळ म्हण आणि मोकळी हो. अर्धी तर धूळ आहेच त्यात.

"नाना," पोकुआ म्हणाली, "तुम्ही नेहमी ड्रायव्हरच्या बाजूनं उभ्या राहता."

"मीच चालवते, मग कुठून उभी राहू?" नाना म्हणाल्या. आमच्याकडे गाडीचं स्टीअरिंग डावीकडं असतं.

"डाव्या बाजूनं. पावडर डाव्या दिव्यात गेली. त्यावर अत्तराचं पाणी. प्रत्येक वेळी दुरुस्ती झाली, गाडी बरी झाली आणि मग पुन्हा पावडर. पंखा आधी अडखळत असेल, आता गच्च बसलाय. तुमची गाडी पंधरा दिवस सांगतेय, मला श्वास घेता येत नाही."

नानांनी डोळे बारीक केले. गळ्यातले मणी एकदा चाचपले. मला पळून जावंसं वाटत होतं.

"म्हणजे," नाना सावकाश म्हणाल्या, "हिला मीच गुदमरवलं?"

"हो, नाना."

"आणि या बोआडूला शिव्याही मीच घातल्या?"

"हो, नाना."

"आणि तो तोंडाला पट्टी लावायला निघाला होता."

"हो, पण ते त्याचं त्यानं," पोकुआ म्हणाली, आणि नाना बिरागो अशा हसल्या की त्यांना गाडीचा आधार घ्यावा लागला. सगळी गल्ली हसली. बोआडूसुद्धा, पण उशिरा आणि थोडंच.

पण पोकुआ थांबली नव्हती. "याव, या दिव्यांच्या मागची रबरी टोपणं कुठायत?"

आता माझी पाळी. टोपणं माझ्या दुकानात होती. एलईडी जुन्या बल्बपेक्षा लांब, टोपण बसेना, तेव्हा मी नानांना ऐटीत सांगितलं होतं की याची गरजच नसते. टोपण असतं तर पावडर आत गेलीच नसती. पंधरा दिवस मी बोआडूच्या डब्यांना नावं ठेवत फिरत होतो. कान गरम झाले माझे. मी दुकानात गेलो, टोपणं आणली आणि सगळ्यांसमोर तिच्या हातात ठेवली.

"चूक माझी," मी म्हणालो.

"थोडी धुळीची पण," ती म्हणाली. अशी बाई.

मग तिनं जे केलं ते बघायला तुम्ही हवे होतात. मी नवा दिवा देऊ केला, तिनं घेतला नाही. "नव्यानं पिवळा दिवा विझला तर काय सिद्ध होणार? तो तर मागंही विझला होता." तिनं तोच पंखा स्पिरिटनं धुतला, रंगाच्या ब्रशानं पातं न् पातं साफ केलं, फुंकर मारली, आणि तो भिंगरीसारखा फिरला. मग ती तिच्या पेजेच्या फळीकडं गेली आणि दुधाचे दोन रिकामे डबे घेऊन आली. सोळा वर्षं याच डब्यांनी ती आम्हाला पेज मोजून घालायची. डब्याचा तळ तसाच ठेवला, तोंडावर रबरी टोपणाची कड कापून ओढून बसवली. झालं खोल टोपण. पंख्याला मागं ऐसपैस हवा, पत्र्यातून ताप बाहेर, आणि धुळीला वाट नाही. दोन्ही दिव्यांना बसवलं, घट्ट.

"दुधाचा डबा," बोआडू म्हणाला. "जर्मन गाडीत."

"शेगडीची राख साफ केली नाही आणि हवा बंद झाली की निखारे विझतात, मास्टर बोआडू. मला एवढंच माहितीय." मग ती आवाज खाली आणून म्हणाली, "तुमचे रेझिस्टर बरोबर आहेत. हिशेबही बरोबर. फक्त हा एक प्लॅस्टिकवर बांधलाय, प्लॅस्टिक मऊ पडतंय. मी पत्र्यावर घेऊ का?"

तिनं 'मास्टर' म्हटलं आणि परवानगी मागितली. बोआडूनं बोटानं प्लॅस्टिक दाबून पाहिलं, ते दबलं. मग स्वतःच वाकून म्हणाला, "धर तू. स्क्रू मी लावतो."

ओफिन्सोच्या रस्त्याला लागलो तेव्हा अकरा वाजून गेले होते. नाना चालवत होत्या, शेजारी मास्टर अमोतेंग, मागं बोआडू, पोकुआ आणि मी, एकमेकांच्या मांडीवर बसल्यासारखे. बाहेर सगळं पिवळट, झाडं अर्धीच दिसत होती. मास्टर डॅशबोर्डकडं तोंड करून बसले होते. त्यांना तो एवढासा दिवा दिसणं शक्यच नव्हतं. दर दोन मिनिटांनी विचारायचे, "लागला?"

"नाही, मास्टर."

अकरावं मिनिट आलं. बारावं. तेरावं. "लागला?" "नाही, मास्टर." मी बोआडूचा गुडघा आवळून धरला होता, हे मला त्यानं हात झटकला तेव्हा कळलं. गतिरोधक आले, गाडी धडधडली, दिवा लागला नाही. ओफिन्सोला वळलो. पोकुआ ओठ दाबून खिडकीबाहेर बघत होती, डॅशबोर्डकडं एकदाही नाही.

परतताना, मॅगझिन पंधरा मिनिटांवर असताना, नानांच्या तोंडून बारीकसा आवाज आला. "अगं बाई. पिवळा."

मास्टर सीटवर वळले. "लागला?"

पोकुआनं डोळे मिटले. पाच वर्षं, पाच वर्षं, एवढंच माझ्या डोक्यात फिरत होतं. बोआडू पुढं झेपावला, नानांच्या खांद्यावरून त्यानं डॅशबोर्डमध्ये जवळजवळ नाक घातलं. आणि मग तो माणूस, जो पाच वर्षं तिला पेजवाली म्हणत आला, घसा फाडून ओरडला, "पेट्रोल! अहो नाना, पेट्रोल संपत आलंय!"

"हो का?" नाना म्हणाल्या. "सकाळपासून दिव्याच्या काळजीत भरायचं राहिलंच."

पंपावर आम्ही पाचही जण गाडीबाहेर उभे राहून वेड्यासारखे हसत होतो. पंपवाली आमच्याकडं बघत राहिली. पोकुआ हसता हसता रडायला लागली, आणि नानांनी तिच्या तोंडावर स्वतःच्या अंगावरच्या कापडाचं टोक धरलं.

मॅगझिनमध्ये शिरलो तर गल्ली वाटच बघत होती. बोआडू आधी उतरला. खिशातून संघटनेचा कागद काढला, बॉनेटवर ठेवला, सही केली आणि कागद डोक्यावर धरून सगळ्यांना दाखवला. त्यानंतरचा आवाज मला सांगता येत नाही. टायरवाले, वेल्डिंगवाले, सीटा शिवणाऱ्या बायका, सगळे धावले. पान्यांनी पत्रे बडवायला सुरुवात झाली. कुणीतरी दुधाच्या डब्यांची करामत बघायला बॉनेट उघडलं होतं, माणसं त्यावर वाकली होती, आणि नाना बिरागोंनी पर्समधून डबा काढला, झाकण उघडलं, हात मागं नेला.

"थांबा!"

पोकुआला एवढ्या मोठ्यानं ओरडताना आम्ही कधीच ऐकलं नव्हतं. सगळे होते तिथं थबकले. नानांचा हात हवेतच. पोकुआनं माणसं बाजूला सारली, बॉनेट खाली घेतलं, दोन्ही हातांनी दाबून बंद केलं, आणि बसलंय ना ते एकदा हलवून पाहिलं. गाडीपासून चार पावलं लांब चालत गेली.

"आता," ती म्हणाली.

"माझ्या हातून नाही," नाना म्हणाल्या. त्यांनी डबा मास्टर अमोतेंग यांच्या हातात दिला.

पोकुआ मास्टरांसमोर गुडघ्यांवर बसली. मास्टरांनी डावा हात पुढं करून तिचं डोकं शोधलं. आधी खांदा लागला, मग कान, मग केस. हात तिथंच ठेवून त्यांनी डबा उपडा केला. पावडर तिच्या केसांवर पडली, कपाळावर, पापण्यांवर, इस्त्रीच्या ओव्हरऑलवर. ते थांबेचनात. डबा रिकामा झाला तरी हलवत होते. मग त्यांनी मान वाकडी करून, तोंड अगदी तिच्या तोंडाजवळ नेऊन पाहिलं.

"वर्षभर मला तुझा नुसता आवाज यायचा," ते म्हणाले. "आता दिसतेस."